शब्दवेध : समन्वय

भिन्न श्रद्धांची सरमिसळ झाली की आपण सर्रास ‘समन्वय’ म्हणतो. शब्दाची घडण मात्र वेगळे सांगते. सम् + अनु + इ, म्हणजे नीट मागोमाग जाणे. श्लोकाचा अन्वय लावताना कर्ता, कर्म, क्रियापद जागा बदलतात, विरघळत नाहीत. ब्रह्मसूत्रांतल्या चौथ्या सूत्रातही हा शब्द उपनिषदवाक्यांचे तात्पर्य एक असल्याचे सांगतो. वाक्ये निराळीच राहतात. कुणी म्हणेल, अर्थ रूढीच ठरवते, आणि आज रूढी मिश्रणाची आहे. पण ‘समन्वय समिती’ घ्या: तिच्यात पक्ष विलीन होत नाहीत. विठ्ठलाच्या मस्तकी शिवलिंग आहे ही वारकऱ्यांची श्रद्धा; तरी एकादशी आणि सोमवार ते वेगवेगळे पाळतात. मिश्रणाला ‘संकर’ हा शब्द आहेच. तो हिणकस वाटतो म्हणून समन्वयाला त्याच्या जागी राबवणे मला अन्यायाचे वाटते.