कॉम्प्टन, डेनिस

कॉम्प्टन, डेनिस चार्ल्स स्कॉट : (२३ मे १९१८–२३ एप्रिल १९९७). इंग्लंडचा क्रिकेटपटू आणि व्यावसायिक फुटबॉलपटू. जन्म लंडनजवळील हेंडन येथे. १९३६ मध्ये मिडलसेक्सकडून क्रिकेटमध्ये आणि आर्सेनलकडून फुटबॉलमध्ये पदार्पण. १९३७ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध पहिली कसोटी. फुटबॉलमध्ये तो डाव्या बगलेवरून खेळे. आर्सेनलच्या १९४७-४८ च्या लीगविजयात आणि १९५० च्या एफ. ए. कप अंतिम सामन्यात (लिव्हरपूलवर २–० विजय) तो संघात होता.

दुसऱ्या महायुद्धात तो तोफखान्यात दाखल झाला आणि पुढे शारीरिक शिक्षणाचा प्रशिक्षक म्हणून भारतात, इंदूरजवळच्या महूच्या छावणीत आला. ही सेवा रणांगणावरची नव्हती. पण त्याच्या चरित्रातला खरा प्रश्न वेगळा आहे. युद्धकाळात तो जे खेळला, त्यातले काय धरायचे आणि काय सोडायचे? इंग्रजी चरित्रलेखनात ही वर्षे सरसकट ‘वाया गेलेली’ म्हणून दोन ओळींत संपवतात. हे इंग्लंडपुरते समजण्यासारखे आहे. तेथे सप्टेंबर १९३९ मध्ये फुटबॉल लीग तीन फेऱ्यांनंतर बंद पडली आणि काउंटी अजिंक्यपद स्पर्धाही स्थगित झाली. भारतात मात्र रणजी करंडक एकही वर्ष थांबला नाही. म्हणून इंदूरच्या होळकर संघाकडून सी. के. नायडूंच्या नेतृत्वाखाली कॉम्प्टन खेळला तो रीतसर प्रथम श्रेणीचा सामना होता.

मार्च १९४५, ब्रेबॉर्न स्टेडियम, रणजीचा अंतिम सामना. मुंबईने ४६२ आणि ७६४ धावा केल्या. दुसऱ्या डावात विजय मर्चंट २७८. होळकरच्या सी. एस. नायडूंनी सामन्यात ९१७ चेंडू टाकले आणि ४२८ धावा देऊन ११ बळी घेतले. इतके चेंडू एका प्रथम श्रेणी सामन्यात दुसऱ्या कोणीही टाकलेले नाहीत. पहिल्या डावात ३६० करणाऱ्या होळकरपुढे ८६७ धावांचे लक्ष्य होते. मुश्ताक अलींनी दोन्ही डावांत शतके (१०९ व १३९) ठोकली. कॉम्प्टन एक बाजू लावून धरून २४९ धावांवर नाबाद राहिला आणि होळकर ४९२ वर आटोपले. मुंबई ३७४ धावांनी जिंकली. सामन्यातील एकूण २,०७८ धावांचा विक्रम चार वर्षांनी पुण्यात मुंबई-महाराष्ट्र सामन्यात मोडला. शंभरानंतरच्या प्रत्येक धावेमागे रोख बक्षीस देऊ करणाऱ्या धनिकाची गोष्ट सर्वत्र सांगितली जाते. रकमेबद्दल मात्र एकवाक्यता नाही.

या खेळीवर नेहमीचा आक्षेप खेळपट्टीचा असतो : ब्रेबॉर्नवर तेव्हा धावा फुकट मिळत. आक्षेपात तथ्य आहे, पण तो मान्य केला तर मर्चंटचे २७८ आणि त्याच मोसमात रुसी मोदींनी रणजीत काढलेल्या १,००८ धावाही बाद धराव्या लागतील. ते कोणी करत नाही. शिवाय मायदेशी परतल्यावर, १९४७ च्या एकाच मोसमात, कॉम्प्टनने ३,८१६ धावा आणि १८ शतके केली. महूत दिवस काढून आलेल्या फलंदाजाची बॅट गंजलेली नव्हती.

फुटबॉलला मात्र नेमका उलटा न्याय लागला. युद्धकाळात व त्यानंतरच्या विजयसामन्यांत कॉम्प्टन इंग्लंडकडून बारा वेळा खेळला. ऑक्टोबर १९४३ मध्ये मँचेस्टरला स्कॉटलंडला ८–० असे नमवणाऱ्या संघातही तो मॅथ्यूज, कार्टर, लॉटन, हेगन यांच्या रांगेत होता. हे बाराही सामने अनधिकृत. क्लबांचे संघ तेव्हा उसन्या खेळाडूंवर चालत, म्हणून लीगपुरती ही काटछाट योग्यच आहे. राष्ट्रीय संघात मात्र उपलब्ध सर्वोत्तम खेळाडूच असत. आर्सेनलकडूनही त्याचे लीग सामने अवघे ५४ (गोल १५). युद्धकालीन सामने याच्या दुपटीहून अधिक. थोरला भाऊ लेस्ली याला नोव्हेंबर १९५० मध्ये, वयाच्या ३८ व्या वर्षी अधिकृत सामना मिळाला. डेनिसला एकही नाही. एकाच माणसाचे, एकाच युद्धातले दोन खेळ दोन तराजूंत तोलले गेले, हे त्याच्या नोंदी वाचताना ध्यानात ठेवावे.

गुडघा १९३८ मध्ये फुटबॉल खेळताना दुखावला. १९५५ मध्ये वाटी काढावी लागली. पुढच्याच वर्षी ओव्हलवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध ९४. कसोटी ७८, धावा ५,८०७, शतके १७. सी. बी. ई. (१९५८). निवृत्तीनंतर वृत्तपत्रीय लेखन व समालोचन. विंडसर येथे निधन.