सेक्रेटरी कुणाचा?

दिवाळीत गावी गेलो होतो. माळ्यावरची ट्रंक उघडली ती खरं तर आजीच्या पितळी डब्यासाठी. डबा काही मिळाला नाही, पण तात्यांचा, म्हणजे माझ्या आजोबांचा, नेमणुकीचा कागद मिळाला. १९५८ सालचा. गावच्या सोसायटीने त्यांना दरमहा वीस रुपयांवर सेक्रेटरी नेमलं होतं. खाली पंचांच्या सह्या कमी आणि अंगठे जास्त.

त्याच ट्रंकेत धाकट्या काकांची १९८९ सालची बदलीची ऑर्डरही होती. काकाही सेक्रेटरीच, पण गटसचिव. तीन सोसायट्यांची दप्तरं कापडी पिशवीत घालून सायकलवरून फिरायचे. त्यांच्या कागदावर गावातल्या कुणाची सही नव्हती, नुसता जिल्ह्याच्या संस्थेचा गोल शिक्का.

दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले आणि डोक्यात प्रश्न बसला तो बसलाच. सोसायटीचा नोकर नेमायचा कुणी?

आता थोडा इतिहास. (ताई, लगेच पान बंद करू नकोस, थोडक्यात उरकतो.) आपल्याकडे सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा १९०४ सालचा. पुढच्याच वर्षी मुंबई इलाख्यात, गदग तालुक्यातल्या कणगिनहाळला सोसायटी उभी राहिली. नमुना होता जर्मनीतल्या रायफायझेनच्या खेड्यातल्या पतपेढ्यांचा. तिथे पंच फुकट काम करायचे आणि पगार मिळायचा तो फक्त हिशेब लिहिणाऱ्याला. म्हणजे सभासदांनी आपल्या पैशातून ठेवलेला तो एकुलता एक माणूस. सभासदांची जबाबदारीही अमर्याद होती. सोसायटी बुडाली तर घरदार जाणार, मग हिशेबाला कोण बसवायचा हे दुसरं कोण ठरवणार?

हे फार दिवस टिकलं नाही. १९५४ साली गोरवाला समितीचा ग्रामीण पतपाहणी अहवाल आला. शेतकऱ्याच्या कर्जात सहकाराचा वाटा नगण्य आहे असं आकड्यांनिशी दिसलं, तेव्हा समितीने सुचवलं की सरकारनेच संस्थांचं भागभांडवल घ्यावं. समितीत आपले धनंजयराव गाडगीळही होते. हेतू चांगलाच होता. पण भांडवलाच्या पाठोपाठ देखरेखही येते. महाराष्ट्राचा १९६० चा सहकार कायदा १९६२ च्या प्रजासत्ताकदिनी लागू झाला. पुढे त्यातल्या कलम ६९-अ प्रमाणे जिल्हा देखरेख संस्था आल्या, सचिवांचं केडर झालं, आणि सोसायट्यांनी वर्गणी भरायची, माणूस जिल्ह्याने पाठवायचा अशी रीत पडली.

इथवर वाचून कुणालाही वाटेल की सरकारने गावाचा हक्क हिरावला. मलाही वाटलं होतं. मग आजीने एकदा सांगितलेली गोष्ट आठवली. आमच्या घरात ही मोठ्याने कुणी बोलत नाही, पण आता सगळे वाचताय तर लिहितोच. तात्यांना नेमलं तेव्हा चेअरमन तात्यांचे सख्खे मेहुणे होते. तात्या चौथी शिकलेले. गावाबाहेरच्या वस्तीवर एकजण फायनल पास झालेला होता, मोत्यासारखं अक्षर. त्याचं नाव बैठकीत निघालंसुद्धा नाही. तात्यांनी कधी पैशाला हात लावला नाही, हे सगळं गाव सांगतं. पण कागदावरचं 'सर्वानुमते' वाचताना मला तो माणूस दिसायला लागला. सर्व म्हणजे कोण हो?

केडर आलं ते या सोयऱ्याधायऱ्यांच्या कारभारावर उतारा म्हणून, हे मला मान्य आहे. पण उताऱ्याचंही पाहिलं. काका चेअरमनच्या दृष्टीने वरचा माणूस, आणि सरकारच्या दृष्टीने सरकारी नोकर नाहीतच. वसुली थकली की वर्गणी थकायची, वर्गणी थकली की पगार. एका साली सात महिने पगार नव्हता. काकूने पाटल्या मोडल्या त्या त्या वर्षी. त्याच वर्षी काकांनी एका सोसायटीचं कीर्द-खतावणीचं काम तसंच पडू दिलं, तर गावात त्यांना विचारायची कुणाची प्राज्ञा नव्हती. ठेवला कुणी आणि काढणार कोण, हेच माहीत नव्हतं कुणाला!

पुढे २००४ साली केंद्राने ए. वैद्यनाथन यांची समिती नेमली. तिचा अहवाल २००५ चा. त्यानंतरच्या मदतीच्या पॅकेजमध्ये राज्यांना अटच होती की नोकरभरती, नेमणुका आणि पगार हे सोसायटीचं सोसायटीने ठरवावं. म्हणजे गाडी फिरून १९५८ च्या कागदापाशी. पन्नाशीतल्या काकांना तेव्हा एकच घोर लागला होता, की आता आपण नेमके कुणाचे. २०१२ साली तर ९७ व्या घटनादुरुस्तीने 'स्वायत्त कामकाज' हे शब्द थेट घटनेत आले, कलम ४३-ब मध्ये. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या दुरुस्तीतला राज्यांतल्या संस्थांपुरता मोठा भाग रद्द केला, कारण विषय राज्यांचा आणि राज्यांची संमती घेतलेली नव्हती. ४३-ब मात्र राहिलं. ते मार्गदर्शक तत्त्व आहे, म्हणजे त्यावर कोर्टात जाता येत नाही. असो.

माझं मत विचाराल तर नेमणूक गावानेच करावी. पण जाहिरात चावडीवर लागावी, परीक्षा बाहेरच्याने घ्यावी, आणि चेअरमनचा नातेवाईक असेल तर चेअरमनने त्या बैठकीतून उठून जावं. काकांना हे फोनवर सांगितलं तर हसले. म्हणाले, "अरे, मग तात्या लागलेच नसते, आणि तू आज पुण्यात नसतास."

त्यावर मला काही सुचलं नाही. दोन्ही कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून इकडे घेऊन आलोय. वस्तीवरच्या त्या माणसाचा नातू तालुक्याला शिक्षक आहे असं कळलंय. जानेवारीत गावी जाईन तेव्हा भेटायचं आहे. तात्यांचा कागद त्याला दाखवायचा की नाही, ते अजून ठरत नाही.