तळटीप १४ : ‘गुलबर्ग्याहून गाडी धरली’

१४. निर्ण्याच्या माणसाने बीदर जवळ असताना गुलबर्गा (आता कलबुर्गी) का गाठावे, असे वाचकाला वाटेल. कारण रुळांच्या दिशेत आहे. बीदरची गाडी निजामाच्या रेल्वेची, १९३०च्या सुमाराची. ती एकीकडे विकाराबादला, दुसरीकडे परळीला जाई. सोलापूर-पुणे-मुंबईची सरळ वाट गुलबर्ग्यावरून होती. ‘जीआयपी’चा (ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा) हा मार्ग १८७१ मध्येच रायचूरला मद्रासकडच्या रुळांना मिळाला होता. गाणगापूरचे दत्तभक्तही याच मार्गाने येत, आणि ‘गाणगापूर रोड’ला उतरून पुढची वाट तुडवत.

बीदर आणि गुलबर्गा हे शेजारी एकमेकांना रुळांनी थेट जोडले गेले ते २९ ऑक्टोबर २०१७ रोजी. अंतर जेमतेम ११० किलोमीटर! त्यामुळे माणिकप्रभूंचे हुमनाबाद आता दोन्ही शहरांशी जोडलेले स्टेशन आहे. या मार्गावर डेमू गाडी सुरू झाली. तिच्या दोन्ही टोकांना चालकाची केबिन असते, त्यामुळे शेवटच्या स्टेशनात इंजिन काढून पुढे लावण्याची खटपट नाही. गावकरी तिला ‘लोकल’ म्हणोत बापडे. मुंबईकराने मात्र दर पाच मिनिटांनी दुसरी येईल या भरवशावर ती सोडू नये.