प्रतिमेची भाषा : आंजेलो द फोन्सेका यांची ख्रिस्ती चित्रकला

ज्या कलाकृतीचा विषय परंपरेने ठरून गेलेला असतो, तिच्यात कर्त्याचे कर्तृत्व कशात शोधावयाचे, हा प्रश्न बारामतीकर मोरोपंतांच्या (१७२९–१७९४) अभ्यासकांना परिचित आहे. रामकथा एकच, तथापि अष्टोत्तरशत रामायणे त्यांच्या नावावर सांगितली जातात. ओष्ठ्य वर्ण टाळून त्यांनी ‘निरोष्ठ रामायण’ रचले. कथा तीच राहिली. पालटला तो शब्दविन्यास. धार्मिक चित्रकलेचा विचार करतानाही विषय आणि विन्यास यांतील हा भेद उपयोगी पडतो.

ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती परंपरेतील प्रतिमाकाराला विन्यासाचेही स्वातंत्र्य फारसे नव्हते. लाकडी फळीवर कापड चिकटवून, त्यावर खडू व सरस यांचा लेप देऊन, अंड्याच्या बलकात कालवलेल्या रंगांनी तो प्रतिमा रंगवी. तिच्यावर आपले नाव घालण्याचा प्रघात नव्हता. प्रतिमेला दिलेला मान मूळ व्यक्तीस पोचतो, असा निर्णय इ. स. ७८७ च्या निकिया येथील धर्मपरिषदेने दिला. पुढे १५५१ साली मॉस्को येथील परिषदेने आंद्रेई रुब्ल्योव्ह आदी पूर्वसूरींचेच अनुकरण करण्याची आज्ञा केली.

गोव्यातील कॅथॉलिक समाजात असे कडक बंधन नव्हते. परंतु पोर्तुगीज अमलात रूढ झालेल्या युरोपीय वळणाच्या मूर्तींना सवयीनेच नियमाचे बळ आले होते. त्या सवयीला छेद दिला तो आंजेलो द फोन्सेका यांनी. गोव्यातील सांतो इस्तेव्हाँव या बेटावर १९०२ साली त्यांचा जन्म झाला. वैद्यकीय शिक्षण सोडून ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत गेले. तेथील पाश्चात्त्य वळणाच्या शिक्षणाने समाधान न झाल्याने त्यांनी बंगालची वाट धरली आणि अवनींद्रनाथ ठाकूर व नंदलाल बोस यांच्याकडे कलेचे धडे घेतले.

गोव्यात परतल्यावर त्यांनी काढलेली मरिया साडी नेसलेली होती. स्वकीयांना ते रुचले नाही. विरोध इतका झाला की त्यांना गोवा सोडावा लागला. आश्रय मिळाला तो पुण्यास, शिवाजीनगर येथील ख्रिस्त प्रेमसेवा आश्रमात. जॅक विन्स्लो या अँग्लिकन धर्मोपदेशकाने स्थापिलेल्या या संघात एक कॅथॉलिक चित्रकार दीर्घकाळ राहिला, हे विशेष होय. मुंबईचे इतिहाससंशोधक फादर हेरास यांनीही त्यांना पाठबळ दिले.

फोन्सेकांनी प्रामुख्याने जलरंगात काम केले. त्यांच्या चित्रांतील प्रसंग शुभवर्तमानातलेच आहेत. परंतु माणसे जमिनीवर बसतात, अनवाणी चालतात, हात जोडतात. म्हणजे आक्षेप होता तो विषयाला नव्हे, विन्यासाला. येथे एक विसंगती ध्यानात घेतली पाहिजे. फादर थॉमस स्टीफन्स यांचे मराठी ओवीबद्ध ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली छापले गेले. त्यात स्वर्गाला ‘वैकुंठ’ म्हटले आहे. १६४९ व १६५४ मध्ये ते पुन्हा छापले गेले आणि गोव्याच्या ख्रिस्ती समाजाने ते पिढ्यान्‌पिढ्या भक्तीने गाइले. मरियेची कथा मराठीत ऐकणे ज्यांना स्वाभाविक वाटले, त्यांच्याच वंशजांना ती साडीत पाहणे असह्य झाले. कानाने जे आपले मानले, ते डोळ्याने परके ठरविले. भाषा ही जगण्याची गरज म्हणून टिकली. प्रतिमेला मात्र प्रतिष्ठेचा प्रश्न चिकटला, आणि त्या काळी ती प्रतिष्ठा युरोपीय रूपाशी निगडित होती.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ४ डिसेंबर १९६३ रोजी उपासनाविषयक दस्तऐवजात स्पष्ट केले, की चर्चने कोणतीही एकच कलाशैली आपली म्हणून स्वीकारलेली नाही. ज्या गोष्टीसाठी फोन्सेकांना जन्मभूमी सोडावी लागली होती, तिला ही अधिकृत मान्यताच होती. त्यानंतर चारच वर्षांनी, डिसेंबर १९६७ मध्ये, पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांच्या पत्नी आयव्ही यांनी जपलेला मोठा चित्रसंग्रह पुढे पर्वरी येथील झेवियर ऐतिहासिक संशोधन केंद्राकडे आला. गोव्याने नाकारलेली मरिया, चित्रकाराच्या पश्चात का होईना, गोव्यात परतली.