किल्लारी भूकंपानंतरचे पुनर्वसन : मदतीचे अनपेक्षित परिणाम

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे लातूर व तत्कालीन उस्मानाबाद (आजचा धाराशिव) जिल्ह्यांत झालेल्या भूकंपात सुमारे आठ हजार लोक मृत्युमुखी पडले. शासनाने जागतिक बँकेच्या कर्जसाहाय्याने पुनर्वसन कार्यक्रम हाती घेतला व सर्वाधिक हानी झालेली ५२ गावे नव्या जागी वसविली. सुरक्षित निवाऱ्याचा हेतू बहुतांशी साध्य झाला. तथापि त्याचे सामाजिक परिणामही तपासणे आवश्यक ठरते.

घरांचे क्षेत्रफळ जमीनधारणेनुसार २५०, ४०० व ७५० चौरस फूट असे ठरविण्यात आले. परिणामी जुनी विषमता नव्या गावांच्या आराखड्यातच कोरली गेली. भूमिहीनांच्या वाट्यास सर्वांत लहान घर आले. शहरी वसाहतींप्रमाणे केलेल्या सरळ आखणीत अंगण, गोठा व कडब्याची जागा यांचा पुरेसा विचार झाला नाही. विस्तारलेल्या गावठाणातील रस्ते व पाणीपुरवठ्याच्या देखभालीचा भार ग्रामपंचायतींवर पडला.

याउलट, कमी हानी झालेल्या गावांत घरमालकांच्याच सहभागाने जुन्या जागी दुरुस्ती व मजबुतीकरण झाले. तेथे गावाची मूळ घडण टिकून राहिली. यावरून असे दिसते की, निर्णयप्रक्रियेत आपद्‌ग्रस्तांचा वाटा जितका मोठा, तितकी मदत त्यांच्या जीवनास अनुरूप ठरते.