मालाडचे जर्मन कॅमेरामन

साल १९३६. तुम्ही औरंगाबाद स्टेशनात गाडीची वाट बघताय. निजामाचा हाली सिक्का मुंबईत चालायचा नाही, म्हणून कलदार रुपये कनवटीला लावलेत. मीटरगेजची गाडी मनमाडला सोडते. तिथून मोठ्या गाडीने दादर, मग लोकल पकडून मालाड.

बॉम्बे टॉकीजच्या स्टुडिओत शिरता आणि डोळे दिपतात. ‘अछूत कन्या’चं चित्रीकरण चाललंय. देविका राणी उभ्या आहेत. शेजारी परवापर्यंत इथल्याच लॅबमध्ये काम करणारा अशोक कुमार. कॅमेऱ्याशी म्युनिकचे योसेफ विर्शिंग. ते मागचा दिवा जरा वर घ्यायला लावतात, भिंगातून बघतात, मान हलवतात, पुन्हा हलवायला लावतात. सगळं युनिट खोळंबलंय. अखेर देविका राणींच्या केसांच्या कडेने रुपेरी रेघ उमटते, गालाखाली हलकी सावली धरते आणि खेड्यातली ती पोर तुम्हाला आपल्या ओळखीची वाटू लागते. एवढ्यासाठीच तर सगळा खटाटोप! मुर्नाऊ आणि लँग ज्या काळात जर्मन पडद्यावर अंधाराला बोलतं करत होते, त्या काळात हा माणूस तिथे तयार झाला. १९२५ साली ‘प्रेम संन्यास’साठी दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्याबरोबर पहिल्यांदा भारतात आला, १९३४ मध्ये हिमांशु राय यांनी मालाडला स्टुडिओ उभारला तेव्हा पुन्हा आला.

सप्टेंबर १९३९. महायुद्ध पेटतं आणि इंग्रजांच्या लेखी विर्शिंग शत्रुराष्ट्राचे नागरिक ठरतात. आता मनमाडची गाडी नको, नगरची वाट धरा. तिथल्या छावणीत तारेच्या कुंपणाआड जर्मन डांबलेत, त्यांत तेही. युद्ध संपेपर्यंत त्यांची नजरकैद सुटत नाही. ऐन उमेदीची वर्षं अशी हकनाक गेली, याची मला फार हळहळ वाटते.

तरीही सुटल्यावर ते इथेच राहतात. १९४९ साली तुम्ही ‘महल’ बघता: अंधारी हवेली, झोपाळ्यावर मधुबाला. हिंदी पडद्यावर भीती इतकी देखणी तोवर झाली नव्हती, असं माझं ठाम मत आहे. पुढे ‘पाकीजा’. आता रंग आहेत, सिनेमास्कोपचा रुंद पडदा आहे, आणि तो कसा भरायचा हे त्यांना पक्कं ठाऊक आहे. चित्रपट रखडतो. १९६७ मध्ये विर्शिंग मुंबईतच जातात. उरलेलं काम इतर कॅमेरामन निभावून नेतात.

फेब्रुवारी १९७२. ‘पाकीजा’ लागलाय. श्रेयनामावली सुरू व्हायच्या आत खुर्चीत बसा. छायाचित्रणाला नाव त्यांचंच येतं.