न हसणारा विदूषक : बस्टर कीटन

अमेरिकन मूकपटांचा अभिनेता आणि दिग्दर्शक बस्टर कीटन (१८९५-१९६६) याच्या विनोदाचे सारे भांडवल म्हणजे कोसळणारे शरीर आणि निर्विकार चेहरा. चॅप्लिन प्रेक्षकाकडे पाहतो, ओशाळतो, गहिवरतो. कीटन केव्हा हसावे याची कसलीच खूण देत नाही, आणि म्हणूनच हसू आवरत नाही.

कॅन्सस राज्यातील पिक्वा येथे जन्मलेला जोसेफ फ्रँक कीटन बालवयातच आईवडिलांच्या ‘थ्री कीटन्स’ या रंगमंचीय खेळात उतरला. खोडकर मुलाला बाप उचलून नेपथ्यावर, कधी वादकांच्या अंगावर फेकतो, असा तो खेळ. पकडायला सोपे जावे म्हणून मुलाच्या कोटाला बॅगेची मूठ शिवलेली असे. न्यूयॉर्कमधील बालसंरक्षण संस्थेने या खेळामागे ससेमिरा लावला. त्यात वावगे काहीच नव्हते. आपण हसलो की प्रेक्षक कमी हसतात, हे मात्र मुलाने तेव्हाच हेरले. १९१७ मध्ये रॉस्को आर्बकलच्या ‘द बुचर बॉय’मधून तो पडद्यावर आला. त्या काळातील काही लघुपटांत तो हसताना दिसतो. १९२० पासूनच्या स्वतःच्या चित्रपटांत जवळजवळ नाहीच.

मजकुराच्या पाट्या शक्य तितक्या कमी, कॅमेरा दूर आणि करामत अखंड, हा त्याचा दंडक. मध्ये कात्री लागली तर प्रेक्षकाला फसवणुकीचा संशय येणार. ‘स्टीमबोट बिल, ज्युनिअर’मध्ये (१९२८) घराची दर्शनी भिंत त्याच्या अंगावर कोसळते आणि माळ्याच्या उघड्या खिडकीमुळे तो जागच्या जागी उभा राहतो. भिंत खरी, वजनदार. अंतर काही इंचांचे. ‘शेरलॉक ज्युनिअर’मध्ये (१९२४) पाण्याच्या टाकीतील लोंढ्याने तो रुळावर आदळला. मानेचा मणका मोडल्याचे कित्येक वर्षांनी क्ष-किरण तपासणीत उघड झाले!

पण केवळ धाडस म्हणजे कीटन नव्हे. ‘द जनरल’मध्ये (१९२६) प्रेयसीने झिडकारलेला इंजिनचालक चाकांना जोडणाऱ्या दांड्यावर खिन्नपणे बसतो. इंजिन सुरू होते, दांडा त्याला वर-खाली नेतो, आणि दुःखात बुडालेल्या त्याला पत्ताच नाही. चाक जरा जोरात फिरले असते तर जीवच गेला असता. तरी लक्षात राहते ते त्याचे दुःख. हा चित्रपट त्या वेळी मात्र चालला नाही.

१९२८ मध्ये तो एमजीएम स्टुडिओत गेला. ही आयुष्यातील सर्वांत मोठी चूक, असे त्याने पुढे म्हटले. जागेवर प्रसंग सुचवून घेणाऱ्या कलावंताच्या हाती तेथे लिहिलेली संहिता आली आणि बोलपटांत संवाद. मद्याचे व्यसन जडले. १९३३ मध्ये स्टुडिओने त्याला काढून टाकले. मानद ऑस्कर मिळाले ते १९६० मध्ये.

त्याआधी, १९५२ च्या ‘लाइमलाइट’मध्ये, चॅप्लिनने त्याला पियानोवादकाची छोटी भूमिका दिली होती. संगीताची पाने पियानोवरून घसरत राहतात, कीटन ती सावरत राहतो, आणि चेहऱ्यावरची रेषाही हलत नाही.